गेम होस्ट होतो, पण जॉइन कोणीच होत नाही: वेस्नॉथ आणि फ्रीसिव्ह खेळणाऱ्या ठाणे–नवी मुंबईकरांसाठी

होस्टच्या स्क्रीनवर सगळं झकास दिसत असतं. नकाशा निवडलाय, बाजू वाटून झाल्यात, पत्ता आणि पासवर्ड व्हॉट्सअ‍ॅपवर टाकलाय. आणि समोरून उत्तरं येतात: "नुसतं फिरतंय रे." "माझ्याकडे टाइम आउट म्हणतोय." "तू नक्की चालू केलंयस ना?" मग जो तो आपापलं वायफाय बंद-चालू करतो, एखादा उत्साही गडी अख्खा गेम पुन्हा इन्स्टॉल करायला घेतो, आणि डाव मांडायच्या आतच झोपायची वेळ होते.

आमच्या ग्रुपमध्ये मी घोडबंदर रोडला, एक कळव्यात, एक ऐरोलीत, एक खारघरला. नवा माणूस आला की हेच रामायण पहिल्यापासून सुरू होतं, म्हणून आता नीट लिहून ठेवतोय. खेळ मुख्यतः 'बॅटल फॉर वेस्नॉथ'. २००३ पासूनचा, फुकट, सोर्स खुला, आणि कॉलेजच्या काळातल्या लॅपटॉपवरही पळणारा. षटकोनी घरांचा नकाशा, आळीपाळीने चाली, दिवसा माणसांचा जोर आणि रात्री ऑर्कचा. फ्रीसिव्हबद्दलही (शहरं वसवून साम्राज्य वाढवायचा, असाच फुकटचा खेळ) शेवटाकडे लिहिलंय, कारण दुखणं तेच असलं तरी त्याच्या एक-दोन खोड्या वेगळ्या आहेत.

माझं मत आधीच सांगतो. आपल्या पट्ट्यात बिघाड सहसा गेममध्ये नसतो. होस्टच्या इंटरनेट कनेक्शनला स्वतःचा पत्ताच नसतो, आणि ते न तपासता लोक राउटरच्या सेटिंगमध्ये रात्री घालवतात. होस्ट कोणी व्हायचं हे 'कोणाचा पीसी भारी' यावर ठरवू नका, 'कोणाकडे पत्ता आहे' यावर ठरवा.

आज रात्रीच खेळायचं असेल तर

पुढचं सगळं राहू द्या. वेस्नॉथमध्ये मल्टिप्लेअरला जा, 'जॉइन ऑफिशियल सर्व्हर' निवडा, तिथे गेम तयार करा आणि त्याला पासवर्ड लावा. यात सगळेच खेळाडू बाहेरच्या सर्व्हरकडे जातात. होस्टच्या घरी कोणालाच यायचं नसतं, त्यामुळे पोर्ट (संगणकाचं ठराविक क्रमांकाचं दार), राउटर, आयपी (इंटरनेटवरचा पत्ता) यातलं काहीही लागत नाही. टोपणनाव नोंदवलं नसलं तरी आत जाता येतं. नोंदवलं तर ते नाव पासवर्डने राखून राहतं आणि दुसरा कोणी त्या नावाने येऊ शकत नाही, एवढाच फरक.

मग स्वतःकडे होस्ट करायचंच कशाला? कारणं असतात. लहान मुलं खेळणार असतील तर अनोळखी लोकांची लॉबी नको वाटते. कधी जुनी आवृत्ती मुद्दाम धरून ठेवलेली असते. कधी सगळे एका घरी जमलेले असतात आणि नेटच गेलेलं असतं. आणि खरं सांगायचं तर काहींना आपला सर्व्हर आपण चालवायचीच हौस असते. मलाही आहे. पण हौस नसेल तर वरच्या परिच्छेदावर थांबलात तरी काही बिघडत नाही.

नकार किती वेळात आला?

जॉइन न होणाऱ्याला बहुतेक जण विचारतात, "काय एरर येतेय?" त्यापेक्षा विचारा, "लगेच नाही म्हणाला, की बराच वेळ फिरून नाही म्हणाला?" निम्मं निदान या एका प्रश्नात होतं.

बराच वेळ फिरून टाइम आउट आला, तर निरोप होस्टपर्यंत पोचलाच नाही, किंवा पोचल्यावर फायरवॉलने, म्हणजे संगणकाच्या पहारेकऱ्याने, तो गुपचूप गिळला. पत्ता, राउटर किंवा फायरवॉल, या तिघांपैकी कोणीतरी.

क्षणात नकार आला, म्हणजे 'कनेक्शन रिफ्यूज्ड', तर बहुधा निरोप कुठल्यातरी यंत्रापर्यंत पोचलाय, पण त्या दारामागे कोणी ऐकत बसलेलं नाही. एक तर सर्व्हर चालू नाही, किंवा पोर्ट चुकीचा टाकलाय. वेस्नॉथचा पोर्ट १५०००, टीसीपी. फ्रीसिव्हचा ५५५६, तोही टीसीपी. टीसीपी आणि यूडीपी या निरोप पोचवायच्या दोन वेगळ्या पद्धती, त्यामुळे राउटरमध्ये यूडीपी निवडून ठेवलं असेल तर उपयोग शून्य.

आणि जोडलं गेलं पण आत घेतलं नाही, म्हणजे आवृत्तीबद्दल किंवा अ‍ॅड-ऑनबद्दल (खेळात वरून घातलेली भर) काही संदेश आला, तर आनंद माना. नेटवर्कचं काम झालंय, थेट आवृत्तीच्या भागाकडे उडी मारा.

आपल्याकडे दहातले बहुतेक लोक पहिल्या प्रकारात सापडतात, म्हणून तिथेच जास्त वेळ घालवू.

पत्ता तुमचा आहे का?

आयपीव्ही४, म्हणजे इंटरनेट पत्त्यांची जुनी पण अजून सर्रास चालणारी पद्धत. तिच्यात अख्ख्या जगासाठी मिळून साधारण ४२९ कोटी पत्ते आहेत. मोबाइल, टीव्ही, राउटर, सर्व्हर, सगळे त्यातच. जागतिक साठ्यातले शेवटचे मोठे गठ्ठे फेब्रुवारी २०११ मध्ये वाटून संपले आणि त्याच वर्षी एप्रिलमध्ये आशिया-पॅसिफिकच्या वाट्यालाही कात्री लागली. त्यानंतर मोठ्या झालेल्या इंटरनेट कंपन्यांकडे, आणि सोसायट्यांना जोडणाऱ्या केबलवाल्यांकडे तर अजूनच, प्रत्येक ग्राहकाला एक पत्ता देण्याइतके पत्ते नाहीत. म्हणून अनेक घरं मिळून बाहेर एकच पब्लिक, म्हणजे बाहेरच्या जगाला दिसणारा, पत्ता दाखवतात. या व्यवस्थेला कॅरिअर ग्रेड नॅट म्हणतात, बोलताना सीजीनॅट.

मोठ्या कॉम्प्लेक्सचं गेट डोळ्यासमोर आणा. बाहेर जाणारा रजिस्टरमध्ये फ्लॅट नंबर लिहून जातो, म्हणून त्याने मागवलेलं पार्सल बरोबर त्याच्या दारात येतं. पण नुसतं कॉम्प्लेक्सचं नाव घेऊन आलेल्या पाहुण्याला वॉचमन कुठल्या टॉवरमध्ये पाठवणार? परतच पाठवतो. सीजीनॅटमागे तुम्ही यूट्यूब बघता, व्हिडिओ कॉल करता, दुसऱ्याच्या गेममध्ये जॉइन होता, तेव्हा सुरुवात तुमच्याकडून होते, म्हणून सगळं चालतं. होस्ट झालात की सुरुवात समोरच्याकडून होते, आणि तिथेच घोडं अडतं. त्यामुळेच "माझं नेट एकदम मस्त चालतंय" हे वाक्य होस्टिंगच्या बाबतीत कसलाच पुरावा नाही.

तपासायला दोनच आकडे लागतात. राउटरच्या पानावर जा, बहुतेक घरी ते १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ वर उघडतं. तिथे 'वॅन' किंवा 'इंटरनेट स्टेटस'खाली जो आयपी दिसतो तो लिहून घ्या. मग त्याच वायफायवरून ब्राउझरमध्ये 'माझा आयपी काय' असं शोधा आणि वेबसाइट सांगते तो आयपी शेजारी लिहा. तपासताना कुठलंही व्हीपीएन (वाहतूक दुसऱ्याच वाटेने नेणारं सॉफ्टवेअर) बंद ठेवा.

दोन्ही सारखे निघाले तर तुम्ही भाग्यवान, पत्ता तुमचाच आहे. राउटरवरचा आकडा १००.६४ पासून १००.१२७ पर्यंत कशानेही सुरू होत असेल तर शंकाच नको, हा पट्टा २०१२ मध्ये खास सीजीनॅटसाठीच राखून ठेवला गेला. १० ने, किंवा १७२.१६ ते १७२.३१ यांपैकी कशाने सुरू होत असेल तर तो कंपनीच्या आतल्या जाळ्यातला पत्ता, परिणाम तोच. १९२.१६८ ने सुरू होत असेल तर मात्र थांबा. तिथे बहुधा घरातच दोन राउटर एकामागे एक लागलेत: कंपनीने दिलेला फायबरचा डबा आणि तुम्ही हौसेने आणलेला अँटेनावाला. हे दुखणं घरच्या घरी बरं होतं. दुसरा राउटर 'अ‍ॅक्सेस पॉइंट' मोडवर टाका, किंवा कंपनीकडून त्यांचा डबा 'ब्रिज' मोडवर करून घ्या, आणि मग दोन आकडे पुन्हा ताडून बघा. डब्याच्या मागेही सीजीनॅट असू शकतं, ते तेव्हा उघडं पडेल.

सीजीनॅट निघालं तर तुमच्या राउटरवर पोर्ट फॉरवर्ड करून काहीही होणार नाही. काहीही. अडवणारं यंत्र तुमच्या घरात नाही, आणि त्याची चावी तुमच्याकडे नाही. इंटरनेटवरचे 'पोर्ट कसा उघडावा'चे व्हिडिओ ही पायरी वगळतात, कारण ते बनवणाऱ्यांच्या देशात घरोघरी पब्लिक पत्ता असणं अजून पुष्कळ ठिकाणी चालू आहे.

कंपनीला फोन करायचा तर शब्द नेमके वापरा. "गेम चालत नाही" म्हणालात की संवाद असा होतो:

"सर, स्पीड येतोय ना बरोबर?"
"स्पीड येतोय हो. मला पब्लिक आयपी हवाय."
"तुम्हाला दोनशेचा प्लॅन करून देऊ का?"

नको. दोनशेचाही नको आणि पाचशेचाही नको. "मी सीजीनॅटमागे आहे, मला पब्लिक आयपी मिळेल का, स्टॅटिक असला तर महिन्याचा आकार किती" एवढंच विचारा. स्टॅटिक म्हणजे न बदलणारा. फोनवरच्या माणसाला नाही कळलं तर सोसायटीत वायरिंगला येणाऱ्या दादांना विचारा, त्यांना बऱ्याचदा जास्त माहिती असते. बदलता पण पब्लिक असला तरी आपल्याला चालतो. स्टॅटिकचेच पैसे भरायची सक्ती असेल तर आठवड्यातून एका डावासाठी मी तरी भरणार नाही.

मोबाइल हॉटस्पॉटवरून होस्ट करायचा विचार असेल तर तोही सोडा, बाहेरून येणाऱ्यांना तिथेही सहसा दार बंद असतं. जॉइन व्हायला मात्र हॉटस्पॉट उत्तम.

पत्ता आहे, मागच्या शनिवारी चाललं, आज नाही

ज्यांचे दोन आकडे जुळले त्यांच्यासाठी हा भाग. पोर्ट फॉरवर्डिंगमध्ये राउटरला सांगायचं असतं, की १५००० वर कोणी आलं तर त्याला अमुक संगणकाकडे पाठव. तो 'अमुक संगणक' म्हणजे घरातला पत्ता, समजा १९२.१६८.१.५. राउटर रीस्टार्ट झाला, घरातल्या यंत्रांनी नव्याने पत्ते घेतले, आणि आज .५ वर टीव्ही बसलाय, तुमचा लॅपटॉप .८ वर. राउटर इमानेइतबारे तुमच्या मित्रांना टीव्हीकडे पाठवतोय.

'कधी चालतं, कधी नाही' यामागचं हे सगळ्यात नेहमीचं कारण. इलाज कायमचा आहे: राउटरच्या डीएचसीपी (घरातल्या यंत्रांना पत्ते वाटणाऱ्या) सेटिंगमध्ये 'अ‍ॅड्रेस रिझर्व्हेशन' असतं, तिथे लॅपटॉपचा पत्ता बांधून टाका. एकाच लॅपटॉपला वायफायवर एक आणि केबलवर दुसरा असे दोन वेगळे पत्ते मिळतात, हेही ध्यानात ठेवा. आज केबल लावून बसलात आणि फॉरवर्ड वायफायच्या पत्त्यावर असेल, तर पुन्हा तेच.

दुसरं कारण बाहेरचा पत्ता बदलणं. वीज गेली, राउटर उठला, कंपनीने नवा आयपी दिला, आणि ग्रुपवर अजून मागच्या आठवड्याचा मेसेज पिन केलेला आहे. दर वेळी नवा आयपी बघून टाका, किंवा डायनॅमिक डीएनएस लावा, म्हणजे आकड्यांऐवजी एक नाव राहतं आणि त्यामागचा आकडा आपोआप बदलतो. बऱ्याच राउटरमध्ये ही सोय आतच असते.

चाचणीतही एक फसवणूक आहे. होस्ट स्वतःच्याच घरातून स्वतःचाच बाहेरचा पत्ता टाकून बघतो, जोडलं जात नाही, आणि निष्कर्ष काढतो की पोर्ट बंद आहे. अनेक राउटर घरातून बाहेर जाऊन पुन्हा घरात येणारी ही वाट देतच नाहीत. दुसऱ्या लॅपटॉपला फोनच्या मोबाइल डेटावर घ्या आणि मग तपासा. ऑनलाइन पोर्ट तपासणाऱ्या साइट वापरायच्या तर त्या क्षणी वेस्नॉथचा सर्व्हर चालू हवा. ऐकणारं कोणी नसेल तर उघडा पोर्टही बंदच दिसतो.

विंडोजची फायरवॉल

वेस्नॉथमध्ये 'होस्ट नेटवर्क्ड गेम' केलं की मुख्य खेळाबरोबर एक वेगळा प्रोग्रॅम उठतो, वेस्नॉथ-डी नावाचा. खरा सर्व्हर तो. पहिल्यांदा उठताना विंडोज एक खिडकी दाखवतं: याला नेटवर्कवर परवानगी द्यायची का? गेम फुल स्क्रीनवर असतो, खिडकी मागे राहते किंवा घाईत तिच्यावर 'कॅन्सल' दाबलं जातं.

'कॅन्सल'चा अर्थ 'नंतर विचार' असा नाही. विंडोज त्या प्रोग्रॅमसाठी अडवणारा नियम लिहून ठेवतं. पुढे तुम्ही परवानगीचा नियम घातलात तरी अडवणारा नियम त्याच्यावर मात करतो, म्हणून लोक म्हणतात "मी तर अलाऊ केलंय!" फायरवॉलच्या अ‍ॅडव्हान्स्ड सेटिंगमध्ये 'इनबाउंड रूल्स' उघडा, वेस्नॉथ आणि वेस्नॉथ-डी नावाचे लाल खुणेचे नियम शोधा, ते पुसा, आणि मग गेम पुन्हा होस्ट करा. खिडकी नव्याने येईल. या वेळी हो म्हणा, आणि घरचं वायफाय 'पब्लिक' म्हणून नोंदलं गेलं असेल तर ते 'प्रायव्हेट' करून घ्या.

फायरवॉल पूर्ण बंद करून ठेवायचा सल्लाही ऐकायला मिळतो. दोन मिनिटं बंद करून चाचणी घ्या, कारण कळलं की लगेच चालू करा. तशीच रात्रभर ठेवू नका.

पत्ता कोणाकडेच नाही, तरी स्वतःच होस्ट करायचंय

मग आभासी लॅन, म्हणजे लांबलांबचे संगणक एकाच घरच्या जाळ्यात असल्यासारखे जोडणारं सॉफ्टवेअर. रॅडमिन व्हीपीएन, हमाची, झीरोटिअर, टेलस्केल, यांपैकी कुठलंही एक. सगळ्यांनी तेच सॉफ्टवेअर टाकायचं, एका जाळ्यात यायचं, आणि प्रत्येकाला एक वेगळा आतला पत्ता मिळतो. होस्टने आपला तो पत्ता ग्रुपवर टाकायचा, बाकीच्यांनी वेस्नॉथच्या 'कनेक्ट टू सर्व्हर'मध्ये तो लिहायचा. पोर्ट फॉरवर्डिंगचं नावही घ्यायला नको. दोन्हीकडून बाहेर जाणारी वाट वापरून ही सॉफ्टवेअर मध्ये भेट घालून देतात, आणि थेट भेट जमलीच नाही तर झीरोटिअर, टेलस्केलसारखी आपल्या मधल्या सर्व्हरवरून माल वाहतात.

कुठलं घ्यावं? सगळे विंडोजवर असतील तर रॅडमिन सगळ्यात कमी कटकटीचं. तिथले पत्ते २६ ने सुरू होतात. हमाचीचे २५ ने, आणि फुकटात एका जाळ्यात पाचच जण. एखादा लिनक्सवाला किंवा मॅकवाला असेल तर झीरोटिअर किंवा टेलस्केल. टेलस्केलचे पत्ते १००.६४ ते १००.१२७ याच पट्ट्यातून येतात, म्हणजे सीजीनॅटच्याच. त्यामुळे कोणी विचारलं "मला तर १०० चा पत्ता दिसतोय, म्हणजे सीजीनॅट का?", तर तो पत्ता राउटरवर दिसतोय की टेलस्केलच्या खिडकीत, हे आधी विचारा. राउटरवर दिसत असेल तर सीजीनॅट. टेलस्केलमध्ये दिसत असेल तर तोच ग्रुपवर टाकायचा आहे.

इथे फायरवॉल पुन्हा एकदा आडवी येते. या सॉफ्टवेअरने बनवलेलं जाळं विंडोजला नवं कोरं नेटवर्क वाटतं आणि त्यावर बऱ्याचदा 'पब्लिक'चा शिक्का बसतो. घरच्या वायफायवर दिलेली परवानगी तिथे लागू होत नाही. जाळ्यात सगळे हिरवे दिसतात, पण गेम जोडला जात नाही, अशी तक्रार आली की पहिलं इथेच बघायचं.

मधल्या सर्व्हरवरून गेल्याने थोडा उशीर लागतो. लागू द्या. समोरासमोर गोळ्या झाडायच्या खेळात क्षणाच्या दहाव्या भागालाही किंमत असते. आपल्याकडे खारघरवाला आपल्या एका घोडेस्वारावर चहा संपेपर्यंत विचार करतो, तिथे निरोप पाव सेकंद उशिरा पोचला तर कोणाला कळणार? आळीपाळीच्या खेळाला वेग लागत नाही, न तुटणारं कनेक्शन लागतं. म्हणूनच मोठ्या प्लॅनचा सल्ला या बाबतीत निरुपयोगी आहे.

ऐरोली-घणसोलीच्या आयटी पार्कांत काम करणाऱ्यांना एक विनंती. ऑफिसच्या लॅपटॉपवर हा खटाटोप करू नका. कंपनीचं व्हीपीएन चालू असेल तर सगळी वाहतूक तिकडून वळते, फायरवॉलचे नियम तुमच्या हातात नसतात, आणि आभासी लॅनचं सॉफ्टवेअर टाकलेलं आयटीवाल्यांना दिसलं तर विचारणा होईल ती वेगळीच.

सगळे एकाच घरी जमलात तर यातलं काहीच नको. होस्टचा १९२.१६८ वाला घरातला पत्ता टाका आणि खेळा. फक्त पाहुण्यांना 'गेस्ट' वायफाय देऊ नका. त्यावरची यंत्रं एकमेकांना दिसू नयेत अशीच बहुधा त्याची रचना असते. यजमानाला खरा पासवर्ड द्यायचा नसेल तर कोणाच्याही फोनचा हॉटस्पॉट लावा. डेटा संपलेला असला तरी चालतो, आपल्याला फक्त एक सामायिक जाळं हवंय.

जोडलं गेलं, पण आत येता येत नाही किंवा मध्येच बिघडतं

वेस्नॉथच्या स्थिर आवृत्त्यांचा दुसरा आकडा सम असतो: १.१४, १.१६, १.१८. विषम आकडा म्हणजे चाचणीची आवृत्ती. १.१६ वाला १.१८ च्या सर्व्हरवर येऊ शकत नाही. शेवटचा छोटा आकडा वेगळा असेल तर सहसा निभावतं, तरी सगळ्यांचा एकच असलेला बरा. गोंधळ होतो तो गेम वेगवेगळ्या ठिकाणहून घेतल्यामुळे. स्टीमवरचा आपोआप पुढे सरकतो. लिनक्सच्या रिपॉझिटरीतला (सॉफ्टवेअरच्या अधिकृत साठ्यातला) तिथेच थांबतो, डेबियन १२ या लिनक्समध्ये तो १.१६ आहे, आणि १.१८ मार्च २०२४ मध्ये आलं. सुरुवातीच्या पडद्यावर आवृत्ती लिहिलेली असते. प्रत्येकाने तिचा फोटो ग्रुपवर टाकायचा, हा आमच्याकडे आता नियम आहे.

अ‍ॅड-ऑनचंही तसंच. होस्टने बाहेरचं युग (वेस्नॉथमध्ये फौजांच्या संचाला हे नाव) किंवा नकाशांचा संच निवडला असेल तर तो सगळ्यांकडे हवा, आणि त्याच आवृत्तीचा हवा.

आणि मग तो कुप्रसिद्ध संदेश, 'आउट ऑफ सिंक'. वेस्नॉथमध्ये प्रत्येक खेळाडूचा संगणक अख्खा डाव स्वतः चालवत असतो. एकाच्या हिशोबाने भालाईत मेला आणि दुसऱ्याच्या हिशोबाने जिवंत राहिला, की हा संदेश येतो. कारण बहुधा अ‍ॅड-ऑनच्या आवृत्तीतला फरक, किंवा कोणीतरी घरी प्रयोग म्हणून एखाद्या फौजेच्या फाइलमध्ये केलेले बदल. "मी फक्त ट्रोलची किंमत कमी केली होती" हे अशा वेळी फार उशिरा कबूल होतं. संदेश आल्यावर 'चालू दे' म्हणून पुढे खेळत राहिलात तर दोन संगणकांवरचे दोन डाव अजून लांब जातात. तिथेच थांबा, अ‍ॅड-ऑन सगळ्यांकडे पुसून नव्याने टाका, आणि आधीच्या टर्नच्या ऑटोसेव्हवरून डाव उचला.

फ्रीसिव्हच्या खोड्या

फ्रीसिव्ह १९९५ च्या शेवटी डेन्मार्कच्या ऑर्हुस विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी सुरू केलं आणि पहिल्यापासून त्यात सर्व्हर वेगळा, खेळायचा प्रोग्रॅम वेगळा. खेळाच्या आतून 'नवा खेळ' सुरू केलात तर मागे सर्व्हर उठतो खरा, पण तो फक्त त्याच संगणकापुरता कान उघडे ठेवतो. मित्रांना बोलवायचं असेल तर सर्व्हरचा प्रोग्रॅम स्वतंत्रपणे सुरू करा आणि तुम्हीही त्याला बाकीच्यांसारखेच जॉइन व्हा. नवखे इथे हमखास अडकतात.

दुसरं म्हणजे मेटासर्व्हर. तिथे चालू खेळांची यादी दिसते, तुमचाही दिसतो, आणि तरी कोणाला येता येत नाही. यादीत नाव टाकायला तुमचा सर्व्हर बाहेर जातो, त्यात अडचण नसते. येणाऱ्याला मात्र तुमच्याच घरी यायचं असतं. मेटासर्व्हर वेस्नॉथच्या अधिकृत सर्व्हरसारखा डाव स्वतः चालवत नाही. म्हणून पत्ता नसेल तर फ्रीसिव्हला आभासी लॅन हाच सरळ मार्ग.

फ्रीसिव्हमध्ये सगळे एकाच वेळी चाली करतात आणि सगळ्यांनी 'टर्न डन' म्हटल्यावर पुढचं वर्ष उजाडतं. मुळात वेळेची मर्यादा नसते, त्यामुळे एकाचं नेट गेलं की बाकीचे खोळंबतात. सर्व्हरवर टाइमआउट सेट करून ठेवा, सेकंदांत. आम्ही सुरुवातीला कमी ठेवतो आणि शहरं वाढली की वाढवतो.

डाव अर्ध्यावर तुटला तर

वेस्नॉथमध्ये कोणी गळाला की होस्टला विचारणा होते: त्याची बाजू संगणकाकडे द्यायची, इथल्याच कोणाकडे द्यायची, रिकामी ठेवायची, की सेव्ह करून थांबायचं. संगणकाकडे कधीच देऊ नका. दोन टर्नमध्ये तो सरदाराला किल्ल्याबाहेर काढून मारून घेतो आणि मित्र परत येतो तेव्हा शिव्या तुम्हाला बसतात. बाजू रिकामी ठेवा. तो निरीक्षक म्हणून परत आला की होस्टने कंट्रोल कमांडने बाजू क्रमांक आणि त्याचं नाव देऊन ती परत सोपवायची.

तुमच्याच घरी सर्व्हर असेल आणि तुमचीच वीज गेली तर मात्र सगळेच एकदम बाहेर. पावसाळ्यात हे गृहीतच धरा. लॅपटॉपला बॅटरी असते, राउटरला नसते. बारा व्होल्टचा छोटा राउटर यूपीएस मिळतो, तो लावला की घरापुरता प्रश्न मिटतो. पण तुमच्या बिल्डिंगच्या डक्टमधल्या केबलवाल्याच्या स्विचला बॅकअप आहे का, ते एकदा वीज गेल्यावर बघून ठेवा. नसेल तर यूपीएसचे पैसे वाया.

तुटलेला डाव तुमच्याचकडून पुन्हा सुरू व्हायला हवा असंही नाही. बाकीच्यांच्या संगणकावरही आपापल्या टर्नचे ऑटोसेव्ह असतात. ज्याच्याकडे वीज आहे त्याने आपल्याकडचा ताजा सेव्ह उघडून नवा होस्ट व्हायचं, अधिकृत सर्व्हरवरून नाहीतर आभासी लॅनवरून. जॉइन होताना प्रत्येकाने पहिल्यासारखंच टोपणनाव ठेवायचं, स्पेलिंगसकट, कारण सेव्हमध्ये बाजू त्या नावावर राखलेली असते. नाव बदलून आलात तर होस्टला ती हाताने पुन्हा वाटून द्यावी लागते, आणि चार जणांच्या डावात कोणाची निळी आणि कोणाची जांभळी यावरून वाद होतो तो वेगळा. रात्री थांबताना सेव्हची फाइल ग्रुपवर टाकून ठेवा, नावात टर्नचा आकडा घालून. पुढच्या शनिवारी ज्याची वीज असेल तो ती उघडेल.